महाराष्ट्रातील आरंभीच्या चित्रपटांतील चमत्कृतिदृश्ये : मोजणी, कारागिरी आणि श्रद्धा

सारांश : पडद्यावर देव प्रकट होणे, मस्तक धडावेगळे होऊन वर जाणे, आकाशातून विमान उतरणे ही दृश्ये महाराष्ट्रातील चित्रपटांनी संगणक येण्याच्या कितीतरी आधी यशस्वीपणे दाखविली. त्यांना त्या काळी ‘ट्रिकसीन’ असे म्हणत. ही दृश्ये कशी घडविली जात, त्यासाठी लागणारे कौशल्य कोणत्या जुन्या व्यवसायांतून आले आणि त्या कौशल्याचा पुरावा आज कोठे व किती उरला आहे, याचे विवेचन प्रस्तुत लेखात केले आहे. या चमत्कृतींचा पाया गुप्त यंत्रसामग्रीत नव्हता. तो नेमक्या मोजणीत आणि हातच्या कारागिरीत होता, हे दाखविणे हा लेखाचा हेतू आहे.

बीजसंज्ञा : ट्रिकसीन, मूकपट, दुहेरी छायाचित्रण, दादासाहेब फाळके, बाबूराव पेंटर, प्रभात फिल्म कंपनी, चित्रपट-जतन.

१. प्रस्तावना

पुणे जिल्ह्याच्या उत्तर भागात गावोगावच्या यात्रा-जत्रांत तंबूतील चित्रपट पाहिलेली पिढी अद्याप आपल्यात आहे. कापडी पडद्यावर संत-देवतांचे चमत्कार पाहताना हात जोडणारा हा प्रेक्षक चित्रपटाच्या इतिहासात बहुधा ‘भाबडा’ म्हणून नोंदला जातो. या नोंदीत दोन गोष्टींवर अन्याय होतो. एक म्हणजे प्रेक्षकाच्या रसिकतेवर आणि दुसरी म्हणजे तो चमत्कार डोळ्यांना पटेल इतक्या सफाईने घडविणाऱ्या कारागिरांवर.

आजचा विद्यार्थी दृश्य-परिणाम म्हटले की संगणकाचा विचार करतो. चित्रणानंतर महिनोन्‌महिने दुरुस्ती करण्याची सोय आज आहे. मूकपटांच्या काळात अशी सोय नव्हती. चमत्कार घडवायचा तो बव्हंशी कॅमेऱ्यातच, चित्रण चालू असतानाच. निगेटिव्ह एकच असे. चूक झाली तर ती फिल्म धुऊन झाल्यावरच कळे आणि तोपर्यंत दिवसाचे श्रम, फिल्मचा खर्च व सूर्यप्रकाश तिन्ही गेलेले असत. या मर्यादेतून जी शिस्त निर्माण झाली तीच या लेखाचा विषय आहे.

२. पूर्वपरंपरा : दिवा, पडदा आणि जादू

चमत्कृती दाखविण्याची परंपरा महाराष्ट्रात चित्रपटाबरोबर आली नाही. कल्याणचे महादेव गोपाळ पटवर्धन व त्यांचे सहकारी यांनी १८९० च्या दशकात ‘शांबरिक खरोलिका’ या नावाने काचेवर रंगविलेल्या चित्रांचे खेळ सुरू केले. काचचित्रे दिव्याच्या प्रकाशाने पडद्यावर मोठी करून, ती चपळाईने बदलून व सरकवून पौराणिक कथा सांगितल्या जात. स्थिर चित्रे क्रमाने व वेगाने बदलली की डोळ्यांना हालचालीचा भास होतो, हे तत्त्व या खेळांतून महाराष्ट्रातील प्रेक्षकांना परिचित झाले होते. पिंगुळीच्या चित्रकथींची चित्रमालिका आणि संगीत नाटकांतील रंगविलेले पडदे यांनीही प्रेक्षकाच्या नजरेला हेच वळण लावले होते.

धुंडिराज गोविंद तथा दादासाहेब फाळके (१८७०–१९४४) यांचे शिक्षण या दृष्टीने उद्‌बोधक आहे. मुंबईच्या जे. जे. कलाशाळेत आणि नंतर बडोद्याच्या कलाभवनात त्यांनी चित्रकला व छायाचित्रणाचे धडे घेतले. पुढे ठसे तयार करणे आणि रंगीत छपाई हा त्यांचा व्यवसाय झाला. तिरंगी छपाईची यंत्रे व माहिती यांसाठी १९०९ मध्ये ते जर्मनीस जाऊन आले. याशिवाय ‘प्रोफेसर केळफा’ या नावाने ते जादूचे प्रयोग करीत. आपल्याच आडनावाची अक्षरे उलटी वाचून त्यांनी हे नाव घेतले होते.

या व्यवसायांचा ट्रिकसीनशी निकटचा संबंध आहे. तिरंगी छपाईत एकाच कागदावर तीन वेगळे ठसे क्रमाने उमटवावे लागतात. त्यांतील एक केसभर सरकला तरी चित्र धूसर होते. फिल्मच्या एकाच पट्टीवर दोन वेळा चित्रण करतानाही नेमकी हीच अडचण येते. जादूगाराची विद्या प्रेक्षकाची नजर कोठे आहे हे ओळखण्याची असते. ठसेकाराचा नेमकेपणा आणि जादूगाराची नजर या दोन्ही गोष्टी फाळके यांनी कॅमेरा हाती घेण्यापूर्वीच कमावल्या होत्या.

‘ख्रिस्ताचे जीवन’ हा चित्रपट मुंबईत पाहिल्यानंतर फाळके या माध्यमाकडे वळले आणि फेब्रुवारी १९१२ मध्ये लंडनला गेले. तेथे सेसिल हेपवर्थ यांचा स्टुडिओ त्यांना पाहावयास मिळाला. मोटारीचा स्फोट होऊन माणसे आकाशात उडतात, असा ट्रिकपट हेपवर्थ यांनी १९०० मध्येच केला होता. फाळके यांनी विकत घेतलेला कॅमेरा विल्यमसन बनावटीचा होता. जेम्स विल्यमसन हेही स्वतः चित्रपटकार होते. १९०१ च्या त्यांच्या एका विनोदी लघुपटात चिडलेला माणूस कॅमेऱ्याच्या जवळ जवळ येतो आणि छायाचित्रकारासह कॅमेराच गिळून टाकतो. म्हणजेच फाळके यांचा संपर्क आला तो ट्रिकपटांच्या परंपरेतच मुरलेल्या लोकांशी.

३. माध्यमाचा हिशोब

तंत्रे समजून घेण्यापूर्वी काही आकडे ध्यानात घेणे आवश्यक आहे. ३५ मिलिमीटर रुंदीच्या फिल्मच्या एका फुटात १६ चौकटी बसतात. मूकपटांच्या काळात सेकंदाला साधारण १६ चौकटी या वेगाने चित्रण करण्याचा प्रघात होता. कॅमेऱ्याचे हँडल हाताने फिरवावे लागे आणि एका फेऱ्यात सामान्यतः ८ चौकटी पुढे सरकत. दोन फेरे म्हणजे एक सेकंद आणि एक सेकंद म्हणजे एक फूट, असा हा सुटसुटीत हिशोब होता. दहा सेकंदांच्या दृश्यास वीस फेरे लागत. छायाचित्रकाराचा हात हेच त्याचे घड्याळ होते आणि मनातल्या मनात फेरे मोजणे हा त्याच्या शिक्षणाचा पहिला पाठ होता.

‘राजा हरिश्चंद्र’ हा चित्रपट ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन सिनेमॅटोग्राफमध्ये प्रदर्शित झाला. त्याची लांबी ३,७०० फूट होती. वरील हिशोबाने त्यात ५९,२०० चौकटी होतात आणि त्या सेकंदाला १६ या वेगाने दाखविल्यास सुमारे एक तास लागतो.

याच हिशोबाची दुसरी बाजू क्वचितच सांगितली जाते. फिल्म पुढे सरकते ती तिच्या दोन्ही कडांना असलेल्या छिद्रांच्या आधारे. प्रत्येक चौकटीला प्रत्येक कडेस चार छिद्रे लागतात. म्हणजे एका फुटाला १२८ आणि ३,७०० फुटांना ४,७३,६०० छिद्रे होतात. हा आकडा केवळ एका प्रतीचा आहे. फाळके यांनी लंडनहून कॅमेऱ्याबरोबर छिद्रे पाडण्याचे यंत्रही आणले होते आणि हे काम त्यांच्या घरीच होत असे. त्यांच्या पत्नी सरस्वतीबाई यांनी फिल्मला छिद्रे पाडणे, फिल्म धुण्याची रसायने तयार करणे, चित्रणाच्या वेळी प्रकाश परावर्तित करण्यासाठी पांढऱ्या चादरी धरणे ही कामे केली.

या छिद्रांचा चमत्कृतीशी थेट संबंध आहे. मूकपटाची चौकट सुमारे २४ मिलिमीटर रुंद असते. ती साडेचार मीटर रुंदीच्या पडद्यावर दाखविली की जवळजवळ १९० पट मोठी होते. एखादे छिद्र मिलिमीटरच्या दहाव्या भागाइतके चुकले तर पडद्यावरील चित्र सुमारे दोन सेंटिमीटर हलते. साध्या दृश्यात संपूर्ण चित्र एकदमच थरथरल्याने प्रेक्षक ते चालवून घेतो. मात्र एकाच फिल्मवर दोनदा चित्रण केलेले असेल तर दोन प्रतिमा एकमेकींच्या संदर्भात डुलू लागतात आणि देवाची मूर्ती जमिनीवर उभी न राहता तरंगू लागते. म्हणून पडद्यावरील देवाचे स्थैर्य हे छिद्रे पाडणाऱ्या हातांच्या स्थैर्यावर अवलंबून होते, असे म्हणणे वावगे ठरणार नाही. चित्रपटाच्या इतिहासात सरस्वतीबाईंचे स्थान केवळ ‘सहनशील पत्नी’ म्हणून नोंदविणे या कारणाने अपुरे ठरते.

४. प्रमुख तंत्रे

४.१ थांबवून केलेला बदल : हे सर्वांत जुने तंत्र होय. नट स्तब्ध उभा राहतो, कॅमेरा थांबवितात, नटाला दूर करतात अथवा दुसऱ्याला आणून उभे करतात आणि कॅमेरा पुन्हा सुरू करतात. पडद्यावर मधला काळ दिसत नाही व माणूस एकाएकी प्रकट किंवा अदृश्य होतो. फ्रान्समध्ये जॉर्ज मेलिएस यांनी १८९६ पासून हे तंत्र विकसित केले. तेही मूळचे जादूगार होते, ही गोष्ट लक्षणीय आहे. ‘राजा हरिश्चंद्र’च्या अखेरीस शंकर प्रकट होतात. अशा प्रसंगांसाठी हेच तंत्र मूलभूत होते.

तंत्र सोपे दिसत असले तरी त्यात एक नैसर्गिक अडचण आहे. आरंभीचे चित्रण सूर्यप्रकाशात होई आणि सूर्य आकाशात चार मिनिटांत एक अंश सरकतो. वेशभूषा बदलण्यास वीस मिनिटे लागली तर तो पाच अंश पुढे गेलेला असतो. मग नट जागच्या जागी असूनही सर्व सावल्या एकदम उडी मारतात. वाऱ्याने हललेली पडद्याची चूण, सरकलेले भांडे, ढगामुळे मंदावलेला प्रकाश यांपैकी काहीही गुपित फोडू शकते. म्हणून वेशभूषा आधीच तयार ठेवणे, उभे राहण्याच्या जागी खूण करणे आणि इतर सर्व नटांनी श्वास रोखून स्तब्ध राहणे ही सामुदायिक शिस्त आवश्यक असे. नाटकात एका नटाची चूक दुसरा सावरून घेऊ शकतो. येथे तशी सोय नव्हती.

४.२ दुहेरी छायाचित्रण : प्रकाश पडल्यावर फिल्मवर प्रतिमा लगेच दिसत नाही. ती सुप्त अवस्थेत राहते आणि धुतल्यावर प्रकट होते. त्यामुळे एकदा चित्रण केलेली फिल्म अंधारात मागे गुंडाळून तिच्यावर पुन्हा चित्रण करता येते. ज्या भागावर पहिल्या वेळी प्रकाशच पडलेला नसेल तो भाग कोऱ्यासारखाच राहतो. येथे काळ्या कापडाचे महत्त्व लक्षात येते. काळ्या पार्श्वभूमीवर उभ्या नटाचे चित्रण केले की फिल्मवर फक्त नट उमटतो आणि उरलेली जागा दुसऱ्या दृश्यासाठी मोकळी राहते. दोन प्रतिमा एकमेकींवर पडल्या तर त्या पारदर्शक, भुतासारख्या दिसतात. तशा न पडता शेजारी बसल्या तर दोन्ही भरीव दिसतात.

‘श्रीकृष्णजन्म’ (१९१८) या चित्रपटाच्या उपलब्ध अंशात कंसाला आपले मस्तक धडावेगळे होऊन वर जाताना दिसते आणि चोहीकडे कृष्णाचा भास होतो. हा परिणाम वरील तत्त्वावर आधारलेला आहे. शिर व धड यांचे चित्रण वेगवेगळे करावयाचे, दर वेळी उरलेला भाग काळ्या कापडाने झाकावयाचा आणि दोन्ही वेळा नटाने आपली जागा तसूभरही सोडावयाची नाही. येथे चमत्कृती केवळ करमणुकीसाठी आलेली नाही, हेही पाहण्यासारखे आहे. कंसाचे भय हे मनातील आहे आणि मूकपटाला संवादांचा आधार नाही. मनातील भीती प्रेक्षकाला डोळ्यांनी दाखविण्याचे काम ट्रिकसीन करतो.

त्या काळची फिल्म निळ्या प्रकाशाला अधिक व तांबड्याला जवळजवळ मुळीच प्रतिसाद देत नसे. त्यामुळे निळे आकाश पांढरे पडे आणि लाल वस्त्र काळे दिसे. प्रत्यक्षात रंगीबेरंगी दिसणारी मांडणी फिल्मवर कशी उतरेल, याचे भाषांतर छायाचित्रकाराला मनातच करावे लागे.

४.३ विलयन : एक प्रतिमा विरत जाऊन तिच्या जागी दुसरी उमलते, तेव्हा त्यास विलयन म्हणतात. पहिल्या दृश्याच्या शेवटी भिंगाचे छिद्र हळूहळू बंद करावयाचे, तेवढेच फेरे फिल्म मागे घ्यावयाची आणि दुसरे दृश्य सुरू करताना छिद्र त्याच गतीने उघडावयाचे. दोन सेकंदांच्या विलयनास चार फेरे लागतात. मागे घेताना पाच झाले तर दोन दृश्यांचा मेळ बसत नाही.

‘कालियामर्दन’ (१९१९) च्या आरंभी फाळके यांची लहानगी कन्या मंदाकिनी प्रथम साध्या रूपात येते, चेहऱ्यावरील विविध भाव करून दाखविते आणि मग तिचे रूपांतर कृष्णात होते. ही मांडणी धाडसी म्हणावी लागेल. ही मुलगी नटी आहे, हे प्रेक्षकाला आधीच सांगून टाकले आहे. तरीही पुढे कृष्ण पाण्यात उडी घेऊन कालियाशी झुंजतो, तेव्हा प्रेक्षक त्यात रंगून जातो. गुपित उघड करूनही परिणाम टिकतो, ही खऱ्या कारागिरीची खूण आहे. १९१७ मध्ये ‘चित्रपट कसे तयार करतात’ या लघुपटातून फाळके यांनी आपली कार्यपद्धतीच पडद्यावर दाखविली होती, तीही याच आत्मविश्वासाने.

४.४ काळाचे आकुंचन : ‘राजा हरिश्चंद्र’पूर्वी, १९१२ मध्ये, फाळके यांनी ‘अंकुराची वाढ’ हा लघुपट तयार केला. कुंडीतील वाटाण्याच्या रोपाची महिन्याहून अधिक काळातील वाढ त्यात सुमारे एका मिनिटात दिसे. एका मिनिटाला ९६० चौकटी लागतात. तीस दिवसांत त्या विभागल्या तर दररोज ३२ येतात. म्हणजे कॅमेरा व कुंडी महिनाभर जागची न हलविता, दिवसातून अनेक वेळा एकेक चौकट घ्यावी लागणार. या छोट्या प्रयोगात कोणताही देव नाही, पुराणकथा नाही. तथापि जे डोळ्यांना कधीच दिसत नाही ते कॅमेरा दाखवू शकतो, ही पुढील सर्व ट्रिकसीनची मूळ कल्पना त्यात आहे. भांडवल देणाऱ्यांचा विश्वास संपादन करण्यास हाच लघुपट उपयोगी पडला.

४.५ लहान प्रतिकृती : जळणारी नगरी किंवा कोसळणारा वाडा प्रत्यक्षात उभारणे शक्य नसते, तेव्हा लहान प्रतिकृती करतात. येथे गतीचा प्रश्न येतो. लहान वस्तू कमी उंचीवरून पडत असल्याने लवकर पडते आणि तिचे खुजेपण उघड होते. ते लपविण्यासाठी चित्रण अधिक वेगाने करून नेहमीच्या वेगाने दाखवावे लागते. किती वेगाने, याचा नियम असा की प्रतिकृती जितक्या पट लहान, त्या संख्येच्या वर्गमुळाइतका वेग वाढवावा. एक-सोळांश प्रतिकृतीस चौपट वेग हवा. म्हणजे सेकंदाला ६४ चौकटी, अर्थात हँडलाचे आठ फेरे. हे हाताने साधणे अशक्यप्राय आहे. एक-चतुर्थांश प्रतिकृतीस दुप्पट वेग पुरतो, म्हणजे सेकंदाला चार फेरे, आणि ते कष्टाने जमू शकते. म्हणून हाताने फिरवावयाच्या कॅमेऱ्याच्या काळात प्रतिकृती बऱ्याच मोठ्या करणेच इष्ट होते. पाण्याचा थेंब आणि अग्नीची ज्वाला यांना मात्र कोणताही कारागीर लहान करू शकत नाही. त्यामुळे जल व अग्नी यांची दृश्ये आजही प्रतिकृतीची खरी परीक्षा मानली जातात.

येथे एक भेद स्पष्ट करणे योग्य होईल. ‘लंकादहन’ (१९१७) मध्ये अण्णा साळुंके यांनी राम व सीता या दोन्ही भूमिका केल्या. ही गोष्ट ट्रिकसीन म्हणून सांगितली जाते. परंतु दोन पात्रे वेगवेगळ्या दृश्यखंडांत असतील तर वेशांतर व जोडणी पुरेशी असते. ट्रिकची आवश्यकता एकाच चौकटीत दोघे समोरासमोर असतील तेव्हाच पडते. अभिनय, संकलन व छायाचित्रण यांची श्रेये वेगळी ठेवल्याखेरीज प्रत्येकाचे मोल कळत नाही.

४.६ काळा दोरा : वस्तू अधांतरी हलविण्यासाठी काळ्या पार्श्वभूमीवर काळा दोरा वापरणे ही जादूगारांची जुनी युक्ती. मुंबईत विजय भट्ट यांच्या ‘ख्वाब की दुनिया’ (१९३७) या चित्रपटात अदृश्य माणसाची करामत बाबूभाई मिस्त्री यांनी या दोऱ्याच्या साहाय्याने दाखविली आणि चित्रपटसृष्टीत त्यांना ‘काला धागा’ हेच नाव पडले. एखाद्या कारागिराला त्याच्या हत्याराच्या नावाने ओळखले जावे, यापेक्षा मोठी पावती ती कोणती!

५. कोल्हापूर ते पुणे : रंगाऱ्यांची शाळा

फाळके यांच्याकडे ठसेकाराचा नेमकेपणा होता, तर कोल्हापुरात रंगकाम, शिल्प व सुतारकाम यांची परंपरा होती. बाबूराव कृष्णराव मेस्त्री (१८९०–१९५४) व त्यांचे बंधू आनंदराव हे नाटक कंपन्यांचे पडदे रंगवीत. त्यावरूनच ‘पेंटर’ हे नाव रूढ झाले. दोघांनी स्वदेशी कॅमेरा बनविण्याचा ध्यास घेतला. १९१६ मध्ये आनंदराव निवर्तले. बाबूरावांनी विष्णुपंत दामले यांच्या साहाय्याने ते काम तडीस नेले. स्वतः घडविलेल्या यंत्रावर काम करणाऱ्यास त्याच्या प्रत्येक दात्याची व फेऱ्याची जाण असते आणि चमत्कृतीच्या चित्रणाला अशाच जाणकारीची गरज होती.

महाराष्ट्र फिल्म कंपनीच्या ‘सैरंध्री’ (१९२०) मधील कीचकवधाचे दृश्य इतके प्रत्ययकारी उतरले की त्यावर आक्षेप घेतला जाऊन ते वगळावे लागले. ‘सिंहगड’ (१९२३) मध्ये रात्रीच्या प्रसंगासाठी कृत्रिम प्रकाशाचा उपयोग झाला. सूर्यावरील अवलंबन सुटू लागले की सावल्यांची उडी मारण्याची अडचणही दूर होते, हे या प्रगतीचे ट्रिकसीनच्या दृष्टीने महत्त्व आहे.

बाबूरावांच्या हाताखाली तयार झालेले दामले, फत्तेलाल, शांताराम आणि धायबर यांनी सीतारामपंत कुलकर्णी यांच्यासह १९२९ मध्ये प्रभात फिल्म कंपनी स्थापन केली. १९३३ मध्ये ती पुण्यास आली. बोलपटामुळे ध्वनीशी मेळ राखण्यासाठी कॅमेरा विजेच्या मोटारीवर, सेकंदाला २४ चौकटी या ठरावीक वेगाने चालू लागला. हाताच्या फेऱ्यांची मोजणी मागे पडली व तिच्या जागी यंत्राची समानता आली. त्याचबरोबर चमत्काराला आवाजाचे नवे साधन मिळाले.

६. श्रद्धा आणि सफाई

दामले व फत्तेलाल यांनी दिग्दर्शित केलेला ‘संत तुकाराम’ (१९३६) मुंबईत वर्षाहून अधिक काळ चालला आणि १९३७ च्या व्हेनिस महोत्सवात त्याचा गौरव झाला. अखेरीस तुकोबा विमानातून वैकुंठास जातात. केवळ यांत्रिक दृष्टीने पाहिल्यास हे विमान आजच्या प्रेक्षकास साधे वाटेल. तरीही ते दृश्य हास्यास्पद होत नाही. त्याचे कारण दृश्याच्या रचनेत आहे. चमत्काराच्या आधी तासभर चित्रपटाने आपल्याला जिजाईचा संसार दाखविला आहे. त्यात भुकेली मुले आहेत, गोठा आहे, तिचा त्रागा आहे. विमान वर जाते तेव्हा जिजाई भूमीवरच राहते. चमत्कार आणि चूल एकाच जगात आहेत, हे आधी सिद्ध झाल्याने चमत्काराला वजन येते. ट्रिकसीनची पूर्वतयारी अशी कथेतही करावी लागते.

‘संत ज्ञानेश्वर’ (१९४०) मधील दोन प्रसंग आपल्या परिसराच्या वाचकास अधिक जवळचे वाटतील. निर्जीव भिंत चालविणे हा पहिला आणि रेड्यामुखी वेद वदविणे हा दुसरा. या रेड्याची समाधी जुन्नर तालुक्यातील आळे येथे असल्याची परंपरा आहे. भिंतीचा चमत्कार मुख्यतः दृष्टीचा आहे. भिंत प्रत्यक्ष हलविली काय किंवा मागील दृश्य उलट दिशेने सरकविले काय, डोळ्यांना दोन्हींचा प्रत्यय सारखाच येतो, कारण गती ही नेहमी कशाच्या तरी सापेक्ष असते. रेड्याचा चमत्कार मात्र ध्वनीचा आहे. मुक्या प्राण्याच्या तोंडाची हालचाल आणि वेगळे ध्वनिमुद्रित केलेले वेदपठण यांची सांगड हा मूकपटाला अशक्य असलेला परिणाम होय. ज्या कथा कीर्तनातून कानाने ऐकल्या होत्या त्या डोळ्यांपुढे घडताना पाहण्याचे समाधान प्रेक्षकांना लाभले. चमत्कारावर विश्वास ठेवणे आणि तो कसा घडविला याचे कौतुक करणे या दोन गोष्टी एकाच मनात नांदू शकतात. सोंग उत्तम वठविणाऱ्या बहुरूप्याला दाद देणारा आपला समाज हे फार पूर्वीपासून जाणतो.

७. पुराव्याचा प्रश्न

फाळके यांनी १९१७-१८ मध्ये ‘नवयुग’ मासिकात ‘भारतीय चित्रपट’ ही लेखमाला लिहून आपले अनुभव नोंदविले. तथापि एकेका ट्रिकसीनची कृती सांगणाऱ्या वह्या मागे ठेवण्याची आपल्या कारागिरांची रीत नव्हती. विद्या गुरूच्या हाताखाली शिकली जाई आणि हाताबरोबरच संपे. त्यामुळे प्रत्यक्ष चित्रफीत हाच मुख्य पुरावा उरतो आणि तोही फार थोडा आहे. ‘राजा हरिश्चंद्र’ची केवळ पहिली व अखेरची रिळे उपलब्ध आहेत आणि तीही १९१७ च्या पुनर्निर्मितीतील असावीत, असे काही अभ्यासकांचे मत आहे. ‘श्रीकृष्णजन्म’चा अल्प अंश आणि ‘कालियामर्दन’चा बराचसा भाग वाचला. १९६४ मध्ये पुण्यात स्थापन झालेल्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाचे आणि तेथील पी. के. नायर यांचे हे ऋण आहे. हे संग्रहालय २०२२ मध्ये राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाले.

जुनी फिल्म नायट्रेटची, म्हणजे अत्यंत ज्वालाग्राही असे. जानेवारी २००३ मध्ये पुण्यातील नायट्रेट फिल्मच्या साठ्यास आग लागून प्रभातच्या चित्रपटांच्या मूळ निगेटिव्हसह मोठा ठेवा नष्ट झाला. प्रतीवरून प्रत काढता येते, पण प्रत्येक प्रतीगणिक बारकावे पुसट होत जातात. मूळ निगेटिव्ह गेल्याने सांध्याच्या खुणा, दुहेरी चित्रणाच्या कडा, छिद्रांची ठेवण असे जे पुरावे केवळ तिच्यावरच वाचता येतात, तेही गेले.

जे उरले आहे त्याच्या संगणकीय पुनरुज्जीवनाचे कार्य आता होत आहे व ते स्वागतार्ह आहे. मात्र त्यात एक सावधगिरी हवी. चित्राची थरथर काढणे, ओरखडे पुसणे, प्रकाशाची चढउतार समान करणे ही संगणकाची नेहमीची कामे होत. परंतु दोन प्रतिमांची परस्परसापेक्ष थरथर ही दुहेरी चित्रणाची खूण असते, सावलीची उडी ही थांबवून केलेल्या बदलाची खूण असते आणि ओरखड्यासारखी दिसणारी बारीक रेघ कदाचित दोरा असते. दोष समजून त्या पुसल्या गेल्या तर चित्र सुंदर होईल, पण कारागिराची सही नाहीशी होईल. म्हणून दुरुस्त प्रतीबरोबरच कोणतीही दुरुस्ती न केलेली प्रतही जपली जावी आणि अभ्यासकांना उपलब्ध व्हावी, असे सुचवावेसे वाटते.

८. निष्कर्ष

वरील विवेचनावरून पुढील गोष्टी स्पष्ट होतात.

(१) महाराष्ट्रातील आरंभीची चमत्कृतिदृश्ये ही परदेशी तंत्राची केवळ नक्कल नव्हती. ठसेकाम, जादू, पडदे रंगविणे, सुतारकाम या येथील प्रचलित व्यवसायांचे कौशल्य त्यांत उतरले होते.

(२) त्यांचा पाया मोजणीत होता. हँडलाचे फेरे, फिल्मची छिद्रे, सूर्याची गती व प्रतिकृतीचे प्रमाण यांचा हिशोब जमला तरच देव प्रकट होई.

(३) या हिशोबातील मोठा वाटा ज्यांची नावे पडद्यावर आली नाहीत अशांचा आहे. सरस्वतीबाई फाळके हे त्यातील ठळक उदाहरण होय.

(४) चमत्कृतीचा परिणाम केवळ यंत्राने साधत नाही. ‘कालियामर्दन’ व ‘संत तुकाराम’ यांत तो कथेच्या मांडणीने व प्रेक्षकाविषयीच्या आदराने साधला आहे.

(५) कृतीच्या नोंदी नसल्याने फिल्मवरील दोष हेच आज इतिहासाचे साधन आहे. त्यामुळे जतन करताना दोषांचेही जतन होणे आवश्यक आहे.

महाविद्यालयातील विद्यार्थ्यांनी उपलब्ध मूकपटांचे अंश चौकटीगणिक थांबवून पाहावेत, सावल्या तपासाव्यात, चौकटी मोजाव्यात. आज हातातील साध्या मोबाइलवरही हे शक्य आहे. चमत्कार कसा घडला हे कळल्याने तो लहान होत नाही. शंभर वर्षांपूर्वी वीस फेरे मनात मोजत उभा असलेला माणूस आणि छिद्रे पाडत बसलेली बाई त्यात दिसू लागतात, एवढेच.